शेळीची हाक

चंदीगडजवळ, शिवालिक टेकड्यांच्या पायथ्याशी चंडीमंदिर हे ठिकाण आहे. या टेकड्यांवरील खैर-बोरींच्या झुडपांत चरणारी शेळी दहा पावलांवरच्या सोबतिणीलाही दिसेनाशी होते; परंतु तिचा आवाज झुडपांपलीकडे पोचतो. शेळी मोठ्याने का ओरडते, याचे पहिले उत्तर येथेच मिळते. शेळी हा कळपाने राहणारा प्राणी होय. जेथे दृष्टी अडते, तेथे हाक कळपाला एकत्र ठेवते. एकटी बांधलेली शेळी सारखी ओरडते, ती याच कारणाने.

फुप्फुसांतून येणाऱ्या हवेने स्वरयंत्रातील स्वरतंतू कंप पावतात व आवाज उमटतो. करडाचे स्वरतंतू आखूड असल्यामुळे त्याचा आवाज बारीक असतो. जवळच्या करडाशी शेळी तोंड मिटून हलकेच हुंकारते. दूरच्याला हाक घालताना मात्र ती तोंड उघडते, आणि आवाज मोठा होतो.

नवजात करडू पहिले काही दिवस आडोशाला लपून राहते. अशा वेळी मायलेकरांची भेट हाकेवरच अवलंबून असते. ब्रिफर व मॅकएलिगॉट या शास्त्रज्ञांनी २०११ साली असे दाखविले की, करडू पाच दिवसांचे होताच माय व पिलू एकमेकांचा आवाज ओळखतात. दूध तुटून बरेच महिने लोटल्यावरही आईला त्या आवाजाची आठवण राहते, हे त्यांच्या २०१२ मधील प्रयोगांतून दिसून आले.

शेळीला 'गरिबाची गाय' म्हणतात. तिच्या पालकास हे ज्ञान मोलाचे आहे. चारापाण्याची वेळ टळली, वेणा सुरू झाल्या किंवा कोठे इजा झाली, तरी शेळी ओरडते. चारापाणी असूनही ती सतत ओरडू लागली व शेपटी हलवू लागली, तर ती माजावर आली असावी. माज साधारणतः एक-दीड दिवस टिकतो. ही वेळ हुकली, तर पुढचा माज सुमारे २१ दिवसांनी येतो. आणि गाभण राहिल्यापासून विण्यापर्यंत सुमारे १५० दिवस लागतात. म्हणजे एका हाकेकडे दुर्लक्ष झाले, तर घरचे दूध तीन आठवडे लांबणीवर पडते.

तेव्हा ओरडणाऱ्या शेळीला काठी दाखविण्यापूर्वी तिच्या भोवती काय उणे आहे, ते पाहावे. आणि नेहमी ओरडणारी शेळी रवंथ थांबवून मुकाट उभी राहिली, तर अधिकच त्वरेने पाहावे. कारण आजारी जनावर पुष्कळदा हाक घालीत नाही.