झोका मागे येतो तेव्हा...

मैत्रिणींनो, "एवढं सगळं केलं, आणि शेवटी काय? पुन्हा जैसे थे!" हे वाक्य तुम्ही किती वेळा ऐकलंय? बचत गटाच्या कामात मी तर ते आठवड्यातून एकदा तरी ऐकते. दारूचं दुकान बंद पाडलं, सहा महिन्यांनी वेशीपलीकडे दुसरं सुरू झालं. बाई सरपंच झाली, कारभार मात्र नवराच बघायला लागला. मुलगी बारावी झाली, आणि पेढे वाटून होतात न होतात तोच पत्रिका बाहेर निघाली. मग गटातली एखादी वहिनी सुस्कारा सोडून म्हणते, "अहो ताई, घड्याळाच्या लंबकासारखं आहे सगळं. इकडून तिकडे आणि तिकडून इकडे. पुढे काही जात नाही."

ही उपमा मला बरेच दिवस टोचत होती. म्हटलं, लंबक खरोखर कसा वागतो ते तरी बघूया. मी आर्ट्सची पदवीधर. विज्ञानाशी संबंध दहावीनंतर सुटलेला. पण घरात मुलीची फिजिक्सची पुस्तकं होती, आणि समजावून सांगायला खुद्द मुलगीच होती. तिने पहिल्याच दिवशी सांगितलं, "आई, लंबक म्हणजे काही मोठं यंत्र नाही गं. तुझा झोका म्हणजे लंबकच की!"

खरंच की! वरून टांगलेली आणि मागेपुढे हलणारी कुठलीही वस्तू म्हणजे लंबक. बाळाचा पाळणा, नागपंचमीला लिंबाच्या फांदीला बांधलेला झोका, ऊसतोडणीला आलेल्या बायका फडाच्या कडेला लेकरासाठी बांधतात ती साडीची झोळी, ही सगळी लंबकाचीच भावंडं. पिसा गावच्या चर्चमध्ये हलणारा दिवा पाहून गॅलिलिओने स्वतःच्या नाडीचे ठोके मोजले, अशी गोष्ट सांगतात. त्याला जे कळलं, ते तुम्हाला-मला अनुभवाने ठाऊक असतं, फक्त त्याचं सूत्र आपण मांडलेलं नसतं.

झोक्यावर पाच वर्षांची चिमुरडी बसो नाहीतर तिची धडधाकट आत्या, एकदा जाऊन परत यायला लागणारा वेळ जवळजवळ सारखाच. वजनाचा त्याच्याशी संबंध नाही. संबंध आहे दोराच्या लांबीशी. एक मीटर दोर असेल तर जाऊन-येऊन सुमारे दोन सेकंद. दोर चौपट केला, म्हणजे चार मीटर, तर वेळ दुप्पट, चार सेकंद. आखूड दोराचा पाळणा लगबगीने हलतो, उंच फांदीचा झोका सावकाश.

लंबकाच्या या जाण्या-येण्याला विज्ञानाच्या पुस्तकात 'दोलन' म्हणतात, 'आंदोलन' असंही म्हणतात. मोर्चा निघतो, बायका रस्त्यावर बसतात, त्यालाही आपण आंदोलनच म्हणतो! आपल्या भाषेने या दोन गोष्टी आधीच एका शब्दात बांधून ठेवल्यात.

आता जुन्या भिंतीवरच्या घड्याळाकडे या. ख्रिस्तियान हायगेन्स या डच शास्त्रज्ञाने १६५६ मध्ये लंबकाचं घड्याळ बनवलं. त्यातली टिकटिक कसली असते? आतल्या दातेरी चाकाने लंबकाला दिलेली ती बारीकशी टिचकी असते. प्रत्येक हेलकाव्याला एक टिचकी. ती नसेल तर हवा आणि घर्षण लंबकाची ताकद खात राहतात, आणि तो हळूहळू मधोमध येऊन उभा राहतो. चावी द्यायला विसरलं की घड्याळ बंद पडतं ते म्हणूनच. म्हणजे लंबक हलता राहावा असं वाटत असेल, तर कुणीतरी रोज चावी द्यावी लागते.

हे वाचताना मला आपल्या पुण्याचा इतिहास आठवला. १८४८ मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी भिडेवाड्यात मुलींची शाळा काढली. झोका पुढे गेला. पुढच्याच वर्षी, १८४९ मध्ये, दोघांना राहतं घर सोडावं लागलं. झोका मागे आला. १८५१ मध्ये चिपळूणकर वाड्यात आणि रास्ता पेठेत, १८५२ मध्ये वेताळ पेठेत शाळा निघाल्या. झोका पुन्हा पुढे. १८५७ च्या धामधुमीनंतर देणग्या आटल्या, सरकारी मदत थांबली, आणि १८५८ पर्यंत त्या शाळा बंदही पडल्या. त्या दिवशी कुणीतरी म्हणालं असेलच ना, "एवढं केलं, शेवटी काय?"

रखमाबाईंचं उदाहरण तर याहून बोलकं आहे. अकराव्या वर्षी त्यांचं लग्न झालं. मोठेपणी त्यांनी नवऱ्याकडे नांदायला जायला नकार दिला. नवऱ्याने १८८४ मध्ये मुंबईच्या हायकोर्टात दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे यांनी रखमाबाईंच्या बाजूने निकाल दिला. १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी उलटा निकाल दिला, की नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाई म्हणाल्या, तुरुंग चालेल! अखेर १८८८ मध्ये पैसे देऊन तडजोड झाली. पुढे त्या लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या, आणि १८९५ पासून त्यांनी सुरतेत बायकांच्या दवाखान्यात काम केलं. त्यांच्या खटल्याने उठलेल्या वादळानंतर १८९१ मध्ये संमतिवयाचा कायदा आला. वय किती? दहाचं बारा. एवढंच!

मग वहिनी म्हणते तेच खरं का? इकडून तिकडे आणि तिकडून इकडे?

याचं उत्तर मला आमच्या गावापासून तीसेक किलोमीटरवर सापडलं. पुणे विद्यापीठाच्या आवारात 'आयुका' ही खगोलशास्त्राची संस्था आहे. डॉ. जयंत नारळीकर तिचे संस्थापक संचालक. तिथे 'फुकोचा लंबक' टांगलेला आहे. विज्ञान दिनाच्या निमित्ताने संस्था सर्वांसाठी खुली ठेवण्याची तिथे प्रथा आहे. वाघोलीच्या ट्रॅफिकमधून तासन् तास काढून का होईना, एकदा मुलींना घेऊन जाच.

लिओं फुको हा फ्रेंच माणूस. चिपळूणकर वाड्यात शाळा निघाली, त्याच वर्षी, म्हणजे १८५१ मध्ये, त्याने पॅरिसच्या पँथिऑन या भव्य इमारतीच्या घुमटाला ६७ मीटर लांब तार बांधून २८ किलोचा गोळा टांगला आणि हलवून दिला. लोक जमले. गोळा जायचा आणि यायचा, जायचा आणि यायचा. पण थोड्या वेळाने लोकांच्या लक्षात आलं, की गोळा ज्या रेषेवर हलत होता ती रेषाच सरकलीय! गोळ्याला कुणी हात लावला नव्हता. फिरत होती ती खालची पृथ्वी.

ध्रुवावर अशी रेषा साधारण २४ तासांत पूर्ण गोल फिरते. विषुववृत्तावर ती फिरतच नाही. पॅरिसला सुमारे ३२ तास लागतात. आपलं पुणे विषुववृत्तापासून साडेअठरा अंशांवर, त्यामुळे इथे पूर्ण फेरीला सुमारे ७५ तास लागतात, म्हणजे तीन दिवसांहून थोडे जास्तच. तासाला जेमतेम पावणेपाच अंश! दोन मिनिटं उभं राहून पाहणाऱ्याला वाटणार, गोळा आहे त्याच जागी येतोय. तास-दोन तासांनी पुन्हा पाहणाऱ्याला फरक कळणार.

माझ्या मनातली गाठ इथे सुटली. लंबक मागे येतो हे खरं, पण गेला त्याच रेषेवर तो परत येत नाही. १८९१ चं बारा वय १९२९ च्या शारदा कायद्याने लग्नासाठी चौदा झालं, १९४९ मध्ये पंधरा, १९७८ मध्ये अठरा. फुल्यांच्या त्या शाळा बंद पडल्या, पण १८८४ मध्ये पुण्यातच मुलींचं हायस्कूल, आपली हुजूरपागा, उभी राहिली. तिच्यावरही टीका झालीच! पण तोवर खालची जमीन सरकली होती.

अर्थात यावर निवांत बसण्यासारखी स्थिती नाही. २०१९ ते २०२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातल्या २० ते २४ वयाच्या बायकांपैकी सुमारे २२ टक्के जणींचं लग्न अठराच्या आत झालेलं आढळलं. म्हणजे पाचातली एक, आणि वर थोडं!

आणि एक गोष्ट स्पष्ट बोलायलाच हवी. माणसांच्या बाबतीत लंबकाची उपमा एका जागी तुटते. लंबक त्याच्या नियमाने परत येतो, माणूस येईलच असं नाही. १ जानेवारी २०१८ ला आमच्या गावात आणि आसपासच्या परिसरात दगडफेक झाली, जाळपोळ झाली, एका तरुणाचा जीव गेला. तेव्हा पुष्कळ जण म्हणत होते, "होईल सगळं आपोआप शांत." रस्ता शांत झाला, दुकानंही उघडली. पण मनं? दोनच आठवड्यांनी संक्रांत आली, आणि एका आळीतली बाई दुसऱ्या आळीत तिळगूळ द्यायला जायला बिचकत होती. आमच्या गटातल्या एक वयस्कर मावशी उठल्या, पदर सावरला, डबा घेतला आणि सरळ चालू लागल्या. पहिल्या दारात त्यांना पाच मिनिटं उभं राहावं लागलं. मग आतून आवाज आला, "मावशी, बाहेर का उभ्या? या की आत." पुढच्या महिन्यात गटाची मीटिंग पुन्हा एकत्र भरली, कमी बायकांची का होईना. ते आपोआप झालं नव्हतं. मावशींनी ती टिचकी दिली होती.

टिचकी कधी द्यायची हेही झोकाच शिकवतो. झोका अंगावर येत असताना ढकलायला गेलं तर आपल्यालाच धडक बसते, नाहीतर झोका अडतो. तो पूर्ण मागे येऊन क्षणभर थबकतो आणि पुढे निघतो, तेव्हा नुसता हात लावला तरी पुरतो. आणि दर वेळी असाच हलका हात लागत गेला की तोच झोका फांदीला भिडतो.

गेल्या वर्षी आमच्याकडची एक मुलगी, सतरा वर्षांची, कॉलेजला बसने जायची. बसमध्ये एका टवाळाने त्रास दिला. घरी कळलं आणि वडिलांनी कॉलेजच बंद केलं. वर पाहुणे बघायला सुरुवात! मुलगी रडून रडून आजारी. आमच्यातल्या काहीजणी म्हणाल्या, आत्ताच्या आत्ता जाऊ. पण वडील रागाच्या भरात होते, झोका अंगावर येत होता. आम्ही आधी तिच्या आत्याला गाठलं. चार दिवसांनी आत्याने विषय काढला, "दादा, चूक त्या पोराची, शिक्षा हिला का?" ते गप्प राहिले. त्या गप्प राहण्याच्या क्षणी आम्ही तिघीजणी गेलो. त्याच बसने जाणाऱ्या आणखी चार मुलींची नावं सोबत नेली होती, एकत्र जा-ये करायचं ठरवून. कायद्याचंही सांगितलं, पण धमकी म्हणून नाही, माहिती म्हणून. मुलगी आता कॉलेजला जाते. लग्नाचं बोलणं सध्या तरी थांबलंय. 'सध्या तरी' हे शब्द मी मुद्दाम लिहितेय, कारण चावी द्यायचं काम संपलेलं नाही.

थांबायलाही मर्यादा आहे, बरं का. अठराच्या आतल्या मुलीचं लग्न ठरून तारीख निघाली असेल, तर योग्य वेळेची वाट बघत बसायचं नसतं. सरळ १०९८ या मुलांसाठीच्या मदत क्रमांकावर फोन करायचा. गावात आपण ज्यांना ग्रामसेवक म्हणतो, त्यांच्यावरही बालविवाह थांबवण्याची जबाबदारी आहे.

तेव्हा पुढच्या वेळी कुणी वहिनी, काकू सुस्कारा सोडून "पुन्हा जैसे थे" म्हणाली, की तिला दोन प्रश्न विचारा. तुझ्या आईच्या वेळी ही रेषा कुठे होती? आणि या आठवड्यात चावी द्यायची पाळी कुणाची आहे? पहिल्या प्रश्नाने तिला धीर येईल. दुसऱ्याचं उत्तर मात्र मीटिंगच्या वहीत नावानिशी लिहून ठेवा!