सबुरी : एका शब्दाचा अर्थविचार

‘जरा सबूर’ हे शब्द आपण सहज उच्चारतो. बडोद्यालगतच्या बाजव्यात तर मराठी आणि गुजराती या दोन्ही भाषांना हा शब्द सारखाच घरचा आहे. परंतु नित्याच्या वापराने त्याचा अर्थ ‘थांबा, घाई नको’ एवढाच उरला आहे. मुळात हा शब्द संकटकाळच्या श्रद्धेचा होय.

अरबी ‘सब्र’ या शब्दाच्या धातूत रोखून धरण्याचा, आवरण्याचा भाव आहे. फार्सी ‘सबूरी’च्या वाटेने तो मराठीत उतरला. भय, भूक आणि धन, प्राण व फळे यांची हानी यांनी माणसाची परीक्षा होईल, असे कुराणाच्या दुसऱ्या अध्यायात (आयत १५५ ते १५७) सांगितले असून सब्र राखणाऱ्यांना शुभवार्ता दिली आहे. आपण ईश्वराचे आहोत व त्याच्याकडेच परतणार आहोत, ही जाणीव हा या सब्राचा पाया.

तथापि सब्र म्हणजे मुकाट सोसणे, हा समज कुराणातील कथांना धरून नाही. पुत्र यूसुफच्या वियोगाने याकूबचे डोळे पांढरे झाले. तरी ‘सुंदर सब्र’ हा शब्दप्रयोग त्याच्याच तोंडी आहे. आपले दुःख तो ईश्वरापाशी मांडतो आणि निराश न होता यूसुफचा शोध घ्या, असे मुलांना बजावतो. पीडित अय्यूब ईश्वराला आर्त हाक मारतो, आणि तरीही सब्र राखणारा म्हणून गौरविला जातो. पैगंबर महंमद यांचा पुत्र इब्राहीम बालपणीच वारला, तेव्हा त्यांच्याही डोळ्यांतून अश्रू वाहिले, असे हदीसमध्ये सांगितले आहे. सारांश, अश्रू निषिद्ध नाहीत. आशा सोडणे मात्र त्याज्य आहे.

मराठीत या अर्थाला साईबाबांमुळे प्रतिष्ठा लाभली. मशिदीत राहणारे बाबा १९१८ साली शिर्डीत निवर्तले. गोविंद रघुनाथ दाभोलकरांच्या ‘श्रीसाईसच्चरिता’त गुरूने मागितलेली दक्षिणा दोन पैशांची आहे : एक निष्ठेचा, दुसरा सबुरीचा. पुढे ‘श्रद्धा आणि सबुरी’ ही जोडी सर्वतोमुखी झाली. एक शब्द संस्कृतातला, दुसरा अरबी-फार्सीतला. पण मराठी भाविकाला त्यांत परकेपणा वाटला नाही.

शोकाकुल विद्यार्थ्याला ‘सबूर’ म्हणताना शिक्षकाने हा पूर्ण अर्थ ध्यानी ठेवावा. तो शब्द रडणे थांबविण्यासाठी नाही. रडूनही उद्याची वाट न सोडण्यासाठी आहे.