थांबण्याचा अधिकार : भाड्याच्या नौकेचे शास्त्र

जलप्रवास दोन रीतींनी करता येतो. एका रीतीत प्रवासी दुसऱ्याने आखलेल्या वेळापत्रकात आपल्यापुरती जागा विकत घेतो. दुसऱ्या रीतीत तो सबंध नौकाच, तिचा कप्तान, खलाशी आणि आचारी यांच्यासह, ठराविक मुदतीपुरती भाड्याने घेतो, आणि नांगर कोठे टाकावा, मुक्काम किती करावा, प्रस्थान केव्हा ठेवावे, हे ठरविण्याची मुभा त्या मुदतीत त्याला लाभते. भूमध्य समुद्रात अशा खाजगी यॉट भाड्याने देण्याचा व्यवसाय आज मोठ्या वैभवास पोहोचला आहे, आणि त्याचे वर्णन करताना लोकांची दृष्टी साहजिकच संगमरवरी स्नानगृहांवर व उंची मद्यांच्या कपाटांवर खिळते. परंतु ती सर्व सामग्री एखाद्या उत्तम हॉटेलातही मिळू शकते. सबंध नौका हाती असल्यावाचून जो मिळत नाही, तो थांबण्याचा अधिकार हाच या चैनीचा गाभा होय. हा अधिकार वारा, खलाशांचे शरीर आणि कप्तानाचा शब्द या तीन मर्यादांनी बांधलेला असतो, आणि या मर्यादा प्रस्थानापूर्वीच ओळखून करारनाम्यात लिहून घेणाऱ्यासच त्याचा पुरता उपभोग घेता येतो. हे नीट ध्यानी यावे म्हणून आधी एकोणिसाव्या शतकातील नाईल नदीकडे वळणे इष्ट आहे, कारण आजच्या यॉटच्या व्यवहारातील बहुतेक प्रश्न तेथील ‘दहाबिया’ नामक शिडाच्या नौका भाड्याने घेणाऱ्यांपुढे पूर्वीच उभे राहिले होते.

बुलाकच्या धक्क्यावर

नाईलचा प्रवाह दक्षिणेकडून उत्तरेकडे जातो आणि हिवाळ्यात तेथे वारा बहुधा उत्तरेकडून दक्षिणेकडे वाहतो. निसर्गाच्या या योगामुळे कैरोहून वर जाताना शीड उभारावे आणि परतताना प्रवाह व वल्ही यांवर भिस्त ठेवावी, अशी प्रवासाची रीत पडली होती. दहाबिया उथळ बुडाची असे. प्रवाशांच्या खोल्या मागच्या बाजूस, त्यांच्या छतावर बसण्याउठण्याची प्रशस्त जागा, आणि पुढच्या सखल भागात खलाशांचे वास्तव्य. नाकाडाजवळच्या डोलकाठीवर एक अतिशय लांब तिरपे परबाण असे, त्यावर त्रिकोणी शीड चढे. परतीच्या वेळी ते परबाण उतरवून आडवे ठेवीत आणि पुढच्या भागातील फळ्या काढून वल्हेकऱ्यांना बसण्याची सोय करीत.

सर गार्डनर विल्किन्सन या इजिप्तविद्येच्या पंडिताने १८४३ मध्ये प्रवाशांसाठी जो ग्रंथ लिहिला आणि ज्याच्या आधारे १८४७ मध्ये जॉन मरे यांची प्रसिद्ध मार्गदर्शिका निघाली, त्यात नौका ठरविण्याचे नियम विस्ताराने सांगितले आहेत. भाड्याने घेतलेली नौका ताब्यात घेण्यापूर्वी ती एकवार पाण्यात बुडवून काढावी, म्हणजे उंदीर व इतर उपद्रवी जीव नष्ट होतील, असा त्यात उपदेश आहे. बरोबर न्यावयाच्या वस्तूंच्या लांबलचक यादीत उंदरांचा पिंजराही आहे. आजच्या वाचकास हे विचित्र वाटेल, परंतु मालकाच्या शब्दावर विसंबून न राहता नौकेची अवस्था स्वतः तपासावी हे व्यवहाराचे पहिले कलम त्यात अंतर्भूत आहे.

नौका निवडण्याच्या खटपटीचे उत्कृष्ट वर्णन अमेलिया एडवर्ड्स या इंग्रज लेखिकेने केले आहे. १८७३ च्या नोव्हेंबरअखेर ती कैरोस पोहोचली आणि बुलाकच्या धक्क्यावर दहाबियांचा शोध घेऊ लागली. शेकडो नौका तेथे उभ्या होत्या आणि सर्वांची घडण इतकी सारखी की एकीपासून दुसरी ओळखणे दुरापास्त व्हावे. भाव मात्र नव्या प्रवाशांच्या आगमनाबरोबर रोज बदलत. प्रत्येक नौकेचा रईस, म्हणजे कप्तान, पूर्वीच्या प्रवाशांनी दिलेली शिफारसपत्रे पुढे करी, आणि कालांतराने तीच पत्रे दुसऱ्या नौकेवरील दुसऱ्याच माणसाच्या हाती दिसत. अखेरीस तिने ‘फिली’ नावाची, शंभर फूट लांब व वीस फुटांच्या आसपास रुंद असलेली दहाबिया ठरविली. मोजक्या प्रवाशांच्या दिमतीस रईस, सुकाणूवाला, बारा खलाशी, ड्रॅगोमन म्हणजे दुभाषी कारभारी, दोन आचारी, दोन वाढपी आणि खलाशांचे अन्न शिजविणारा एक पोरगा, अशी एकंदर वीस माणसे होती.

भाकरीचे कलम

करारनामा लेखी करून तो वकिलातीत रुजू करण्याचा शिरस्ता होता, आणि त्यातील एक कलम आपल्या विषयाच्या दृष्टीने विशेष मननीय आहे. खलाशांचे मुख्य अन्न भाकरी. असियुत, एस्ना अशा गावी भट्ट्या भाड्याने घेऊन कित्येक आठवडे पुरेल इतकी भाकरी ते भाजीत, तिचे तुकडे करून नौकेच्या छतावर उन्हात वाळवीत, आणि पुढे तेच तुकडे भिजवून खात. यासाठी सुमारे एक अहोरात्र थांबा देण्याची अट करारात असे. वारा अनुकूल असला, शीड भरून आले असले, प्रवासी घायकुतीस आला असला, तरी नौका त्या गावाहून हलत नसे. द्रव्य मोजणाऱ्या प्रवाशास ही अट जाचक वाटावी हे स्वाभाविक होते; परंतु वारा पडला म्हणजे काठावरून दोर खांद्यावर घेऊन नौका ओढणारी, वाळूत रुतली म्हणजे कमरेइतक्या पाण्यात उतरून ती ढकलणारी, आणि परतीचा सबंध मार्ग वल्हविणारी माणसे हीच होती. त्यांच्या पोटाची तरतूद म्हणजे प्रवाशाच्याच प्रवासाची तरतूद होती. भाकरीचे कलम वाचून ज्याला चीड आली, त्याला आपण काय भाड्याने घेतले आहे हेच उमगले नव्हते, असे म्हणणे प्राप्त आहे.

दुसरी मर्यादा अस्वानजवळच्या पहिल्या धबधब्याशी प्रत्ययास येई. तेथे रईसाचा अधिकार संपे आणि धबधब्याच्या शेखाचा सुरू होई. त्याची असंख्य माणसे दोर बांधून नौका खडकांमधून वर ओढीत, आणि त्याचा मोबदला स्वतंत्रपणे ठरवावा लागे. मूळ भाडे हा खर्चाचा एक भाग असतो, मार्गात ज्यांचा ज्यांचा हक्क पोहोचतो त्यांचे देणे निराळे राहते, हा धडा नाईलवरील प्रत्येक प्रवासी तेथे शिके. १९०२ मध्ये अस्वानचे धरण पुरे झाले आणि हे जुने दृश्य इतिहासजमा झाले.

या सर्व अटी पाळून एडवर्ड्सने काय मिळविले, हे पाहिले म्हणजे आमचे प्रतिपादन पुष्ट होते. अबू सिंबेलच्या प्रचंड मूर्तींपुढे ‘फिली’ अठरा दिवस उभी राहिली. पूर्वी एका मूर्तीच्या मुखाचा साचा घेताना चुन्याचे जे पांढरे डाग राहून गेले होते, ते खलाशांनी खरवडले आणि उरलेल्या डागांवर कॉफीचे पाणी लावून ते दगडाच्या रंगाशी मिळविले. बरोबरच्या चित्रकारास वाळूखाली दडलेल्या एका चित्रित दालनाचा मागही लागला. १८७७ मध्ये तिचा प्रवासग्रंथ प्रसिद्ध झाला. पुढे १८८२ मध्ये इजिप्तमधील अवशेषांच्या उत्खननासाठी व संरक्षणासाठी जी संस्था स्थापन झाली तिच्या संस्थापकांत ती अग्रणी होती. आणि १८९२ मध्ये तिच्या मृत्यूनंतर तिच्याच देणगीतून लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात इजिप्तविद्येचे अध्यासन निर्माण होऊन त्यावर फ्लिंडर्स पेट्री यांची नेमणूक झाली. एका विद्याशाखेच्या इतिहासात या अठरा दिवसांच्या मुक्कामाला असे स्थान आहे. थॉमस कुक यांनी १८६९ पासून नाईलवर आगबोटींच्या सहली सुरू केल्या होत्या आणि त्यांनी मध्यम स्थितीतील असंख्य लोकांना इजिप्त दाखविले, हे त्यांचे उपकार निर्विवाद आहेत. परंतु आगबोटीला तारखांचे बंधन होते, आणि तिच्या प्रवाशाला अबू सिंबेलपुढे अठरा दिवस बसण्याची कल्पनाही करता येत नव्हती.

भूमध्य समुद्रावरील आजचा दस्तऐवज

आता सांप्रतच्या व्यवहाराकडे वळू. भूमध्य समुद्रातील यॉट-दलालांची ‘मायबा’ ही संघटना १९८४ मध्ये स्थापन झाली, आणि तिने तयार केलेला करारनाम्याचा नमुना आज या धंद्यात सर्वत्र प्रमाण मानला जातो. मालक व भाडेकरू यांच्या दरम्यान दलाल उभा असतो. रकमेचा भरणा त्याच्याकडे अनामत राहतो. सामान्यतः निम्मे भाडे सही करताना आणि उरलेले निम्मे प्रस्थानापूर्वी सुमारे एक महिना द्यावे लागते. भाड्यात यॉट, तिचे कर्मचारी आणि विमा येतो. इंधन, अन्न, पेय, बंदराची पट्टी यांचा समावेश त्यात होत नाही. त्या खर्चासाठी भाड्याच्या २५ ते ३५ टक्के इतकी आगाऊ रक्कम कप्तानाच्या हवाली करण्याची पद्धत आहे. कप्तान तिचा जमाखर्च ठेवतो, मुदतीअखेर हिशेब दाखवितो आणि शिल्लक राहिल्यास परत करतो. कमी पडल्यास भाडेकरूने भर घालावी लागते. याखेरीज त्या त्या देशाचा कर आणि कर्मचाऱ्यांचे बक्षीस, जे भूमध्य समुद्रात बहुधा भाड्याच्या ५ ते १५ टक्के असते, हे निराळे. यास्तव जाहिरातीतील भाड्याचा आकडा हाच एकूण खर्च असे समजून बेत करणाऱ्याची मोठी फसगत होते. सुज्ञ माणसाने त्या आकड्याच्या जवळजवळ दीडपट रक्कम मनाशी धरूनच बोलणे सुरू करावे.

प्रवाशांच्या संख्येचीही मर्यादा आहे. आंतरराष्ट्रीय सागरी सुरक्षा-संकेतानुसार बारांहून अधिक प्रवासी नेणारे जहाज ‘प्रवासी जहाज’ गणले जाते आणि त्यास फार कडक नियम लागू होतात. म्हणून पन्नास मीटर लांबीच्या भव्य यॉटवरही बहुधा बाराच पाहुणे असतात आणि त्यांच्या सेवेस जवळजवळ तितकेच कर्मचारी. या कर्मचाऱ्यांना कोणत्याही चोवीस तासांत किमान दहा तास आणि सात दिवसांत किमान सत्त्याहत्तर तास विश्रांती मिळालीच पाहिजे, असे २००६ च्या सागरी श्रम-संकेताने ठरविले आहे. तो २०१३ पासून अमलात आला. नाईलवरील भाकरीचे कलम ते हेच, केवळ त्यास आता राष्ट्रांच्या स्वाक्षऱ्यांचे बळ लाभले आहे. रात्री दोन वाजेपर्यंत मेजवानी आणि पहाटे पाच वाजता प्रस्थान अशी आज्ञा करणाऱ्या यजमानास कप्तान नम्रपणे नकार देतो, तेव्हा तो सेवेत कसूर करीत नसतो. थकलेल्या माणसाच्या हाती सुकाणू जाऊ नये म्हणून तो यजमानाच्याच मुलाबाळांचे रक्षण करीत असतो.

वारा आणि शब्द

वाऱ्याची मर्यादा एंजिनांनी नष्ट केली असे मानणे हा मोठा भ्रम होय. एजियन समुद्रात उन्हाळ्यात, विशेषतः जुलै-ऑगस्टमध्ये, ‘मेल्तेमी’ नावाचा उत्तरेचा वारा वाहतो. आकाश निरभ्र असते, ऊन लख्ख असते, आणि तरीही ब्यूफोर्ट मापावर सात-आठपर्यंत त्याचे बळ वाढते व मिकोनोस-परिसरातील सिक्लादीझ बेटांमधली वाट अनेक दिवस बिकट होते. फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यास ऱ्होन नदीच्या खोऱ्यातून उतरणारा ‘मिस्त्राल’ असाच अकस्मात गाठतो. आपल्या कोकणातला नाखवा नारळी पौर्णिमेपूर्वी गलबत समुद्रात लोटीत नाही, तद्वत भूमध्य समुद्राचेही ऋतू आहेत, आणि ते पाहूनच मार्ग आखला पाहिजे. ज्यांना ऑगस्टमध्येच जाणे भाग आहे त्यांनी सिक्लादीझपेक्षा सारोनिक आखात किंवा पश्चिमेकडील आयोनियन बेटे पसंत करावीत, कारण तेथे मेल्तेमीचा जोर तितका पोहोचत नाही. ज्यांना मिकोनोसच पाहावयाचे आहे त्यांनी जूनचा पूर्वार्ध किंवा सप्टेंबर निवडावा.

अंतराचाही विचार येथेच करावा. बारा नॉट वेगाने चालणाऱ्या यॉटला पिरेयसहून मिकोनोस गाठण्यास सुमारे आठ तास लागतात, म्हणजे सबंध दिवस त्यातच खर्ची पडतो. वेग वाढविला तर इंधनाचा खर्च वेगाच्या प्रमाणात न वाढता कित्येक पटींनी वाढतो. म्हणूनच करारनाम्यात दिवसाकाठी सरासरी किती तास यॉट चालवावी याचीही मर्यादा घातलेली असते. सात दिवसांत सात बेटे पाहण्याचा हट्ट धरणारा यजमान वस्तुतः आपल्या द्रव्याचे इंधन करून जाळीत असतो.

आणि सर्वांवर कप्तानाचा शब्द. यजमानाची वाजवी आज्ञा कप्तानाने मानली पाहिजे, परंतु यॉट वा माणसे संकटात येतील असे ज्या ठिकाणी त्याला वाटते तेथे जाण्यास तो बांधलेला नाही, हे तत्त्व करारात स्पष्ट शब्दांत असते. भाडेकरूने यॉट ठरविताना तिच्या खोल्यांची छायाचित्रे पाहावीत, अवश्य पाहावीत. परंतु त्याआधी कप्तान त्या पाण्यात किती वर्षे वावरलेला आहे, तोच कर्मचारीवर्ग यॉटवर किती हंगाम टिकून आहे, आणि मागील प्रवाशांचा अनुभव काय, याची तसदीक दलालाकडून करून घ्यावी. बुलाकच्या धक्क्यावरील शिफारसपत्रे हातोहात फिरत. आजच्या दलालाचे खरे मोल हे की तो दरवर्षी या यॉटवर स्वतः चढून पाहणी करतो आणि कागदामागचा माणूस ओळखतो.

खाण्याच्या आवडीनिवडीविषयी जे पत्रक भरून पाठवावे लागते, तेही निष्काळजीपणे भरू नये. मराठी कुटुंबातील वृद्ध माणूस शाकाहारी असेल, कोणाला शेंगदाण्याचे वावडे असेल, कोणी एकादशीस उपवास करीत असेल, तर हे आठवडाभर आधी आचाऱ्यास कळले म्हणजे तो साबुदाणा पैदा करू शकतो. लहानशा बेटाच्या बंदरात ऐनवेळी तो मिळणे अशक्यप्राय आहे. पोहता न येणाऱ्यांची, औषधांची, लहान मुलांच्या वयाची माहितीही त्याच पत्रकात प्रामाणिकपणे द्यावी.

एक अखेरची सूचना. कार्यक्रम आखताना सात दिवसांपैकी किमान दोन दिवस कोरे ठेवावेत. वारा प्रतिकूल झाला तर ते आश्रयासाठी उपयोगी पडतील. अनुकूल राहिला तर एखाद्या निनावी खाडीत, जेथे पाणी स्वच्छ आहे आणि कोणास कोठे जाण्याची घाई नाही, तेथे आणखी एक दिवस राहता येईल. एवढ्या भाड्याच्या मोबदल्यात जी एकमेव दुर्मीळ वस्तू मिळते ती हीच, आणि सातही दिवस आधीच भरून टाकणारा मनुष्य ती करारावर सही करतानाच मालकाला परत करीत असतो. म्हणून मर्यादांची कलमे आधी वाचावीत, त्यांचा मनापासून स्वीकार करावा, आणि मग मिळालेल्या अधिकाराचा संकोच न करता उपयोग करावा.