भिंतीआडचा दिग्दर्शक

१९६० च्या दशकात तुर्कस्तानात यिल्माझ ग्युनेयच्या नुसत्या नावावर थिएटरे भरत. रांगडा चेहरा, हातात पिस्तूल, मारधाडपटांची रांग. लोकांनी त्याला ‘कुरूप राजा’ ही पदवीच बहाल केली होती. पण अदाना परिसरातल्या गरीब कुर्द घरात वाढलेल्या या नटाने जे दैन्य पाहिले होते, ते या चित्रपटांत कुठेच नव्हते.

१९७० साली त्याने ‘उमुत’ दिग्दर्शित केला आणि त्यात स्वतः टांगेवाल्याची भूमिका केली. टांगेवाल्याचा घोडा मोटारीच्या धडकेत मरतो, लॉटरी हुलकावणी देते, आणि शेवटी तो एका होजाच्या, म्हणजे धर्मगुरूच्या, नादी लागून गुप्तधनासाठी माळ उकरत सुटतो. सेन्सॉरने चित्रपटावर बंदी घातली. पुढे क्रांतिकारक विद्यार्थ्यांना आसरा दिल्याबद्दल १९७२ मध्ये ग्युनेय गजाआड गेला आणि १९७४ च्या माफीत सुटला. त्याच वर्षी त्याच्या ‘एंदिशे’ या चित्रपटाच्या चित्रीकरणाच्या काळात एका न्यायाधीशाचा गोळी लागून मृत्यू झाला. खुनाच्या आरोपाखाली ग्युनेयला १९ वर्षांची शिक्षा झाली. त्याच्या चाहत्यांनाही हा डाग पुसता आलेला नाही.

दिग्दर्शक संपला, असेच कोणालाही वाटले असते. ग्युनेयने कोठडीत लेखणी उचलली. दुसऱ्याच्या हातून आपलाच चित्रपट उतरावा इतक्या बारकाईने तो पटकथा लिहू लागला. १९७८ मध्ये झेकी ओक्तेनने त्याच्या पटकथेवरून ‘स्युरू’ काढला. मेंढ्यांचा कळप रेल्वेने अंकाराकडे नेणाऱ्या कुटुंबाची वाताहत पडद्यावर आली आणि वाट सापडली.

मोठा शोध मात्र पुढेच होता. काही कैद्यांना थोड्या दिवसांची संचित रजा मिळे. याच रजेत ग्युनेयला ‘योल’ या चित्रपटाची किल्ली गवसली: रजेवर निघालेले पाच कैदी, आणि बाहेर त्यांची वाट पाहणारा दुसरा तुरुंग; रूढींचा, लष्कराचा, घराण्याच्या अब्रूचा. १९८० मध्ये लष्कराने सत्ता बळकावली. ‘योल’साठी नेमलेल्या पहिल्या दिग्दर्शकाशी ग्युनेयचे बिनसले. काम शेरीफ ग्योरेनकडे आले. अर्धवट राहिलेला ‘एंदिशे’ यानेच पुरा केला होता. ‘योल’मध्ये बर्फात गारठून कोसळणाऱ्या बायकोला झोप लागू नये म्हणून रजेवर आलेला तिचा नवरा पट्ट्याने तिला फटके मारतो. तिला शिक्षा द्यायला निघालेला तोच माणूस आता तिला जगवण्यासाठी धडपडतो. हे दृश्य पाहताना अंगावर काटा येतो.

ऑक्टोबर १९८१ मध्ये ग्युनेय स्वतःच रजेवर बाहेर पडला आणि परतलाच नाही. ‘योल’ची निगेटिव्ह गुपचूप स्वित्झर्लंडला पोहोचली होती. तिथे संपादनाच्या टेबलावर बसून त्याने इतरांनी टिपलेल्या दृश्यांतून आपला चित्रपट घडवला.

मे १९८२ मध्ये कान महोत्सवाचा सर्वोच्च सन्मान ‘योल’ला कोस्ता-गाव्रासच्या ‘मिसिंग’बरोबर विभागून मिळाला. १९८४ मध्ये पॅरिसमध्ये कर्करोगाने ग्युनेयचा बळी घेतला. तुर्कस्तानच्या प्रेक्षकांना ‘योल’ राजरोस पाहायला मिळाला तो १९९९ मध्ये.