मंत्र, द्रव्य आणि काळ : कर्नाडांचे ‘अग्नि मत्तु मळे’

मंत्रोच्चाराने द्रव्याचे रूप पालटते आणि घडून गेलेला काळही मागे फिरविता येतो, ही कल्पना भारतीय कथावाङ्मयात फार जुनी आहे. तिची गणना केवळ अद्भुतात करून वाचक पुढे जातो. परंतु तीच कल्पना एखादा समर्थ नाटककार रंगभूमीवर आणतो, तेव्हा मंत्राने काय साधते यापेक्षा त्याचे मोल कोणाला द्यावे लागते, हा प्रश्न बलवत्तर होतो. दीर्घकाळ बंगळूर येथे राहिलेले आणि तेथेच १० जून २०१९ रोजी निवर्तलेले गिरीश कर्नाड यांचे ‘अग्नि मत्तु मळे’ हे कन्नड नाटक या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. (‘मळे’ हा शब्द पाहून मराठी वाचकाला भाजीचे मळे आठवावेत हे साहजिक आहे, कन्नडात त्याचा अर्थ पाऊस.)

नाटकाचे बीज महाभारताच्या वनपर्वात आहे. भरद्वाजपुत्र यवक्रीत याला गुरूवाचून वेद हवे होते, म्हणून तो उग्र तप करतो. वृद्ध ब्राह्मणाच्या रूपात आलेला इंद्र मूठमूठ वाळू टाकून गंगेवर सेतू बांधू पाहतो आणि त्याच्या खटाटोपाची व्यर्थता दाखवितो. यवक्रीत बधत नाही. वेद मिळतात, त्यांबरोबर उन्मादही येतो. तो रैभ्याच्या सुनेवर हात टाकतो. रैभ्य आपल्या जटेचा एक केस अग्नीत होमतो, त्यातून सुनेच्याच रूपाची एक कृत्या निर्माण होते. दुसऱ्या केसातून राक्षस होतो. कृत्या कमंडलू हिरावून घेते, आणि पाण्यावाचून अशुचि झालेला यवक्रीत मारला जातो. पुढे रैभ्यही आपला पुत्र परावसू याच्या हातून, रात्री मृग समजून, मरतो, आणि त्या ब्रह्महत्येचा दोष अर्वावसू या निरपराध भावाच्या माथी येतो.

अखेरीस अर्वावसू देवांना प्रसन्न करून घेतो आणि मेलेले सर्व उठतात. त्याच्या मागण्यांत एक विलक्षण आहे: पित्याला आपल्या वधाची स्मृती राहू नये. काळ नुसता उलटत नाही, तो पुसलाही जातो. उठलेला यवक्रीत विचारतो की, आपणही वेदज्ञ असता रैभ्याचे सामर्थ्य अधिक कसे ठरले? देव सांगतात, रैभ्याने गुरुसेवेत कष्टाने, दीर्घ काळ घालवून वेद मिळविले. तुला ते सुखाने मिळाले. मंत्राचे बळ शब्दात नसून त्यावर वेचलेल्या आयुष्यात आहे, असा याचा अर्थ होतो.

कर्नाडांनी नेमके येथे बोट ठेवले. आयुष्य वेचले खरे, पण कोणाचे? त्यांच्या नाटकात यवक्री दहा वर्षांच्या तपानंतर परततो; परावसू पावसासाठी चाललेल्या सात वर्षांच्या यज्ञात गुंतलेला असतो; आणि त्याची पत्नी विशाखा सासऱ्याच्या आश्रमात एकटी कुढत असते. पुरुषांच्या मंत्रसिद्धीत तिची वर्षे जळतात. म्हणूनच कृत्या गाळण्याचा त्यांचा निर्णय सर्वांत मार्मिक वाटतो. मुळात मंत्राने घडविलेली सुनेची प्रतिमा जे काम करते, ते नाटकात खुद्द सून करते. यवक्रीचे मंत्रपूत पाणी विशाखाच आपल्या हाताने ओतून टाकते. ब्रह्मराक्षस मात्र त्यांनी ठेवला, आणि तोही आज्ञापालक यंत्र नव्हे, तर मुक्तीसाठी तळमळणारा जीव म्हणून. रैभ्याचा वधही येथे अजाणता होत नाही; परावसू जाणूनबुजून बाण सोडतो.

या सर्व विद्येकडे बाहेरून पाहणारी एकच व्यक्ती नाटकात आहे: अरवसूवर प्रेम करणारी निषादकन्या नित्तिलै. इंद्र पर्जन्याचा देव, तो यवक्रीला प्रत्यक्ष भेटला, तर त्याने दोन चांगल्या सरी का मागितल्या नाहीत, हा तिच्या बापाचा प्रश्न ती सहज बोलून दाखविते. एवढ्या साध्या प्रश्नाला नाटकातल्या एकाही वेदज्ञाजवळ उत्तर नाही.

उपसंहारात इंद्राचे प्रकट होणे आणि मृतात्म्यांचा कोलाहल काहीसा दाटीवाटीचा झाला आहे, हे मान्य केले पाहिजे. पण तेथला पेच अस्सल आहे. नित्तिलै मारली गेली आहे. अरवसूने मागितले तर कालचक्र मागे फिरेल, ती उठेल. मात्र मग ब्रह्मराक्षसाची सुटका नाही, कारण ती काळ पुढे गेल्यानेच होणार. शिवाय तीच माणसे, तेच मत्सर पुन्हा उभे राहतील. महाभारतातील अर्वावसूला असे काही निवडावे लागले नव्हते. त्याला सारेच परत मिळाले, वर विस्मृतीही मिळाली. कर्नाडांचा अरवसू एका परक्या, आपल्याच पित्याने निर्माण केलेल्या पिशाचाची मुक्ती मागतो. ब्रह्मराक्षस विरून जातो, आणि सात वर्षांच्या यज्ञाने न आलेला पाऊस कोसळू लागतो. लोक आनंदाने ओरडतात. अरवसू नित्तिलैचे प्रेत जवळ घेऊन भिजत बसतो.