घर, मुले आणि गोंधळ : पटकथाकार जॉन ह्यूज

अमेरिकी पटकथाकार आणि निर्माते जॉन ह्यूज यांनी केवळ आठ चित्रपट दिग्दर्शित केले. पण त्यांनी लिहिलेले आणि इतरांनी दिग्दर्शित केलेले चित्रपटही ‘ह्यूजचे चित्रपट’ म्हणूनच ओळखले गेले. दिग्दर्शक आणि नटांच्या नावावर चालणाऱ्या हॉलिवूडमध्ये लेखकाला असा मान क्वचितच मिळतो.

ह्यूज यांचा जन्म १८ फेब्रुवारी १९५० रोजी मिशिगन राज्यातील लॅन्सिंग येथे झाला. तीन बहिणींमध्ये ते एकटेच भाऊ. ते किशोरवयात असताना कुटुंब शिकागोजवळच्या नॉर्थब्रूक या उपनगरात राहायला गेले. बागेने वेढलेली घरे, शाळा आणि सुखवस्तू मध्यमवर्ग हे तिथले वातावरण पुढे त्यांच्या कथांचे कायमचे नेपथ्य झाले. या गावाचे जुने नाव शर्मरव्हिल. त्यावरूनच त्यांनी शर्मर हे काल्पनिक गाव उभे केले आणि अनेक कथा तिथे घडवल्या.

अ‍ॅरिझोना विद्यापीठातले शिक्षण अर्धवट सोडून ते शिकागोत जाहिरातींचा मजकूर लिहू लागले. नामवंत विनोदवीरांना ते विनोद लिहून विकत असत. लिओ बर्नेट या जाहिरातसंस्थेच्या कामासाठी न्यूयॉर्कला जाणे होई, तेव्हा ‘नॅशनल लॅम्पून’ या विनोदी मासिकाशी त्यांचा संबंध आला. सहकुटुंब मोटारप्रवासाची कशी दैना उडते, यावर त्यांनी या मासिकात लिहिलेल्या कथेवरून ‘नॅशनल लॅम्पून्स व्हेकेशन’ (१९८३) हा चित्रपट निघाला. त्याच वर्षी नोकरी गेल्यामुळे घर सांभाळणाऱ्या बापाची गोष्ट सांगणारा ‘मिस्टर मॉम’ आला. दोन्ही चालले आणि ह्यूज यांना दिग्दर्शनाची संधी मिळाली.

‘सिक्स्टीन कँडल्स’ (१९८४), ‘द ब्रेकफास्ट क्लब’ (१९८५) आणि ‘फेरिस ब्यूलर्स डे ऑफ’ (१९८६) या चित्रपटांत त्यांनी किशोरवयीन मुलांचे बोलणे, रुसणे आणि एकटेपण गांभीर्याने घेतले. पहिल्या चित्रपटात तर मुलीचा सोळावा वाढदिवस घरचेच विसरतात. मोठ्यांचे लक्ष नसताना मुले काय करतात, हा ह्यूज यांचा आवडता विषय इथेच ठरून गेला.

‘होम अलोन’ (१९९०) हे त्याचेच पुढचे रूप. नाताळच्या सुट्टीत परदेशी निघालेले मोठे कुटुंब आठ वर्षांच्या केव्हिनला घरीच विसरते. आपण सहलीला निघताना काही राहू नये म्हणून यादी करत असताना ही कल्पना सुचल्याचे ह्यूज सांगत. दिग्दर्शन ख्रिस कोलंबस यांच्याकडे होते. खर्च वाढू लागल्यावर वॉर्नर ब्रदर्सने हात काढून घेतला आणि ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सने चित्रपट उचलला. सुमारे १ कोटी ८० लाख डॉलर खर्चाच्या या चित्रपटाने जगभरात ४७ कोटी डॉलरहून अधिक गल्ला जमवला. केव्हिन एकटा असताना घर फोडायला आलेल्या चोरांच्या फजितीवर मुले खूश झाली. मुलाकडे परतण्यासाठी आईची चाललेली धडपड पालकांना भिडली. एकाच तिकीटबारीवर दोन पिढ्यांना आणण्याचे ह्यूज यांचे तंत्र हेच.

यानंतर ते प्रामुख्याने कौटुंबिक चित्रपटांचे लेखक-निर्माते राहिले. ‘डेनिस द मेनेस’ (१९९३), ‘बेबीज डे आउट’ (१९९४), ‘१०१ डाल्मेशन्स’ (१९९६) आणि ‘फ्लबर’ (१९९७) ही त्यांतली ठळक नावे. धडपड, आपटाआपटी आणि फसलेले चोर यांची पुनरावृत्ती होत असल्याची टीकाही याच काळात झाली. ‘बेबीज डे आउट’ अमेरिकेत पडला. भारतात मात्र तो लोकप्रिय झाला आणि त्याच्या प्रेरणेतून ‘सिसिंद्री’ (१९९५) हा तेलुगू चित्रपट निघाला.

‘कर्ली स्यू’ (१९९१) नंतर ह्यूज यांनी दिग्दर्शन केले नाही. हॉलिवूडपासून दूर, इलिनॉयमध्येच राहणे त्यांनी पसंत केले. काही पटकथांवर त्यांनी ‘एडमंड दान्तेस’ हे अलेक्झांडर द्युमा यांच्या कादंबरीतल्या नायकाचे नाव घातले. ‘बीथोव्हन’ (१९९२) हा कुत्र्यावरचा गाजलेला चित्रपट त्यांपैकीच.

६ ऑगस्ट २००९ रोजी न्यूयॉर्कमध्ये फिरायला गेले असताना हृदयविकाराच्या झटक्याने वयाच्या ५९ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. पुढच्या वर्षीच्या ऑस्कर समारंभात त्यांच्या चित्रपटांतील कलावंतांनी एकत्र येऊन त्यांना आदरांजली वाहिली. अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत ‘फेरिस ब्यूलर्स डे ऑफ’, ‘द ब्रेकफास्ट क्लब’ आणि २०२३ मध्ये ‘होम अलोन’ यांचा समावेश झाला.