42 ज्ञानेश्वऱ्यांची जागा

नेवाशात, प्रवरेकाठी, शके 1212 मध्ये म्हणजे इ. स. 1290 साली पूर्ण झालेल्या ज्ञानेश्वरीत सुमारे 9 हजार ओव्या आहेत. संगणकात साठवताना ओवीमागे सढळ हाताने 250 बाइट धरले, तरी अख्खा ग्रंथ साडेबावीस लाख बाइटांत मावतो. हे माप लक्षात ठेवा आणि 1994 साली आलेल्या पहिल्या प्लेस्टेशनची एक सीडी घ्या.

74 मिनिटांची सीडी, सेकंदाला 75 सेक्टर, म्हणजे माहितीचे तुकडे: एकूण 3,33,000. प्रत्येक सेक्टर 2,352 बाइटांचा, पण त्यात गेमचा माल साधारण 2,048 बाइटांचाच. बाकीच्यांतले 12 बाइट सेक्टर कुठे सुरू होतो ते सांगतात. 276 बाइट ओरखड्याने बिघडलेली माहिती दुरुस्त करण्यासाठी असतात, आणि ते बाकीच्या बाइटांवरूनच गणिताने काढलेले असतात. मग हा गेम मोबाइलवर खेळायचा, तर मेमरी कार्डावर ते साठवायचे कशाला? सीएचडी प्रकारची फाइल हे 288 बाइट सरळ काढून टाकते. त्यांच्याऐवजी सेक्टरमागे उरतो फक्त 1 बिट, 'इथे गणित पुन्हा करा' एवढंच सांगणारा. इम्युलेटरने, म्हणजे जुने गेम चालवणाऱ्या अ‍ॅपने, मागितलं की ते जसेच्या तसे परत तयार!

सीडी डेटाने पूर्ण भरलेली असेल, तर ही बचत होते 9 कोटी 59 लाख 4 हजार बाइट. म्हणजे 42 ज्ञानेश्वऱ्या. आणि खरं कॉम्प्रेशन अजून सुरूही झालेलं नाही.

निन्टेन्डोच्या गेमक्यूबची गंमत याहून मोठी. डिस्क सुमारे 146 कोटी बाइटांची. गेम लहान असला, तर उरलेली जागा सूत्राने तयार केलेल्या निरर्थक आकड्यांनी भरलेली. असे विस्कळीत आकडे झिपला दाबता येत नाहीत. डॉल्फिन इम्युलेटरच्या आरव्हीझेड फाइलने ते सूत्रच ओळखलं. ती 68 बाइटांचं बीज जपते आणि त्यातून हजारो बाइट हुबेहूब उगवून देते.

गेममधल्या चित्रफिती मात्र आधीच दाबलेल्या असतात, तिथे फारसं काही हाती लागत नाही. म्हणून एक गेम निम्मा होतो, तर दुसरा जेमतेम आटतो.

नगर, संगमनेर, श्रीरामपूरकडे कुणाच्या कपाटात स्वतःच्या जुन्या प्लेस्टेशन सीडी असतील, तर त्या खराब होण्याआधी त्यांची प्रत काढा आणि सीएचडी करा. सीएचडी बनवणाऱ्या सीएचडीमॅन या प्रोग्रॅमची 'व्हेरिफाय' तपासणी पार पडेपर्यंत प्रतीच्या मूळ बिन आणि क्यू फाइल पुसू नका.